ग्लॉकस म्हणजे नेमका कुठला रंग? की रंग नाहीच?

पानोपानी (प्रश्न)

नमस्कार मंडळी. आमचा एक छोटा ग्रुप आहे, पुण्याच्या आसपासच्या टेकड्यांवरच्या झाडाझुडपांची माहिती मराठीत आणायचं काम चाललंय, म्हणजे जुन्या इंग्रजी फ्लोरांमधली (एखाद्या भागातल्या झाडांची नोंद करणाऱ्या पुस्तकांमधली) वर्णनं घ्यायची, सोप्या मराठीत लिहायची आणि शाळांना द्यायची. पानांचे आकार, कडा, देठ, शिरा याला शब्द मिळतात किंवा थोडी खटपट करून बसवता येतात, पण एक विशेषण सारखं आडवं येतंय ते म्हणजे ग्लॉकस. स्पेलिंग जी एल ए यू सी ओ यू एस. एका पानावर तीन तीन वेळा येतं, कधी नुसतं "ग्लॉकस", कधी "ग्लॉकस बिनीथ" म्हणजे पानाच्या खालच्या बाजूला, कधी "ग्लॉकस ग्रीन".

डिक्शनरी उघडली की पहिला अर्थ फिकट निळसर हिरवा किंवा निळसर करडा असा देतात आणि दुसरा अर्थ देतात की ज्यावर पांढरट मेणाची किंवा भुकटीची झाक आहे असं. आता हे दोन अर्थ मला एक वाटत नाहीत, एक रंग आहे आणि एक थर आहे, मग वर्णनात कुठला घ्यायचा? त्यात आमच्यातल्या एकीने दाखवलं की सीगलच्या एका जातीच्या नावात पण हेच विशेषण आहे, आणि सीगलवर मेणाची भुकटी नक्कीच नसणार. आणि एका इंग्रजी गोष्टीत म्हाताऱ्या माणसाच्या डोळ्यांना ग्लॉकस म्हटलेलं वाचलं, तिथे तर मला एकदम ग्लॉकोमा (काचबिंदू) आठवला, त्याचा काही संबंध आहे का की नुसता आवाज सारखा?

थोडक्यात, कुठे काय अर्थ घ्यायचा हे कसं ओळखायचं आणि मराठीत काय लिहायचं. मुलांच्या हातात जाणार आहे म्हणून "नीलधूसर" वगैरे जडजंबाल शब्द टाळायचेत.

---

देठ_आणि_पान

ताई, चांगला प्रश्न विचारलात, हा शब्द वनस्पतीशास्त्राच्या पहिल्या वर्षाला सगळ्यांना छळतो आणि बरेच जण पुढे आयुष्यभर तो नुसता रंग म्हणूनच धरून बसतात. मी कॉलेजात बॉटनी शिकवायचो, आता रिटायर झालोय, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो, कंटाळा आला तर शेवटचा परिच्छेद वाचा.

झाडाच्या वर्णनात ग्लॉकस आलं की नव्वद टक्के वेळा तो थरच असतो, रंग हा त्या थराचा परिणाम. पानाच्या वरच्या आवरणावर, म्हणजे क्युटिकलवर, झाड मेण बाहेर टाकतं आणि काही झाडांत ते मेण बारीक बारीक स्फटिकांच्या रूपात उभं राहतं, काड्या, नळ्या, पापुद्रे, असे वेगवेगळे आकार असतात, साध्या डोळ्याला ते दिसत नाहीत, आपल्याला दिसते ती फक्त एक पांढरट निळसर झाक. खाली पान हिरवंच असतं. त्या स्फटिकांवर पडलेला प्रकाश विखुरतो आणि त्यात निळ्या बाजूचा जास्त विखुरतो म्हणून हिरवं पान निळसर करडं दिसतं. या थराला इंग्रजीत ब्लूम म्हणतात, फुलण्याशी त्याचा संबंध नाही.

ओळखायची खूण एकदम सोपी आहे. अंगठा घ्या आणि पानावर जरा दाबून फिरवा. जिथे अंगठा फिरला तिथे गडद हिरवा चकचकीत पट्टा उमटला आणि बाजूला जुनी झाक तशीच राहिली तर ते ग्लॉकस. पट्टा उमटला नाही तर तो पानाचा स्वतःचा रंग. हे कोबीच्या बाहेरच्या पानावर आत्ता स्वयंपाकघरात करून बघा, बाजारात कोबी देताना बाहेरची पानं काढून टाकतात त्यामुळे जरा मोठी गड्डी पानांसकट मागून घ्या. नवलकोलाची पानं पण चालतील. मुलांना हे करायला लावा, व्याख्या पाठ करायची गरजच पडणार नाही.

आता महत्त्वाचं, तुमच्या फ्लोरात याच्याच शेजारी ग्लॅब्रस असा एक शब्द असणार. ग्लॅब्रस आणि ग्लॉकस यांची गल्लत इतकी होते की सांगायला नको. ग्लॅब्रस म्हणजे केस नसलेलं, लव नसलेलं, बस. रंगाशी आणि मेणाशी त्याचा काही संबंध नाही. एकच पान ग्लॅब्रस आणि ग्लॉकस दोन्ही असू शकतं आणि बऱ्याचदा असतंच. जुन्या शास्त्रीय नावांत पण ही जोडी दिसते, करंजाचं जुनं नाव पोंगॅमिया ग्लॅब्रा, म्हणजे बिनकेसाचं, आणि सुबाभळीचं जुनं नाव ल्युकीना ग्लॉका, म्हणजे निळसर झाक असलेली. आणि आपल्या सगळ्यांच्या ताटातली बाजरी, तिचं पुस्तकांतलं नाव पेनिसेटम ग्लॉकम. म्हणजे हा शब्द आपण समजतो तेवढा परका नाही, रोज भाकरीत खातोय.

पांढरेपणा केसांमुळे असेल तर तो वेगळा विषय. रुईचं कोवळं पान घ्या, पांढरं दिसतं पण ती बरीचशी बारीक लव आहे, भिंगातून धागे दिसतात, तिथे टोमेंटोज वगैरे शब्द येतात. तेच पिवळ्या धोतऱ्याचं पान, ते काटेरी, पांढऱ्या शिरांचं, रस्त्याच्या कडेला सगळीकडे उगवतं ते, त्याचा निळसर रंग मात्र खरा ग्लॉकस. तुमच्या टेकड्यांवर दोन्ही झाडं भरपूर आहेत, शेजारी शेजारी ठेवून दाखवता येतील. फक्त रुईचा चीक डोळ्यात जाऊ देऊ नका आणि मुलांना हात धुवायला लावा.

मराठीसाठी माझं मत, एक शब्द शोधत बसू नका. "पानावर पुसली जाणारी निळसर पांढरी झाक" असं लिहा. सहा शब्द झाले तरी चालतील, मूल पान हातात घेऊन ताडून बघू शकेल.

---

शिवार_निफाड

सरांनी कोबीचं सांगितलं, मी द्राक्षाचं सांगतो कारण आमचा सगळा धंदा या झाकेवर चालतो. मला तो इंग्रजी शब्द आजच कळला पण वस्तू रोजच्या बघण्यातली आहे.

मण्यात पाणी उतरायला लागलं की मण्यावर ती पांढरट पावडर चांगली दिसायला लागते, काळ्या द्राक्षावर तर जास्तच उठून दिसते, माल काळा असून लांबून निळा दिसतो. एक्सपोर्टच्या मालाला हात मण्याला लावायचाच नाही, घड देठाला धरायचा, कात्रीने खराब मणी काढायचे आणि तसाच पनेटमध्ये, म्हणजे छोट्या डब्यात, ठेवायचा, कारण बोट लागलं की तिथे चकचकीत डाग पडतो आणि तो परत भरून येत नाही. घेणाऱ्याला त्या डागावरून कळतं की माल किती हाताळलाय. ती पावडर शाबूत म्हणजे माल ताजा आणि कमी हातांतून गेलेला असा हिशोब आहे.

शहरातले लोक विचारतात की दादा हे औषध आहे का. तर नाही, ते द्राक्षाचं स्वतःचं मेण आहे. औषधाचे डाग वेगळे दिसतात, थेंब जिथे वाळला तिथे कडेला गोल रेघ राहते, ठिपके ठिपके असतात. मेण सगळ्या मण्यावर एकसारखं असतं. आणि तिसरी गोष्ट भुरी, ती बुरशी आहे, ती पण पांढरी करडी भुकटीच दिसते पण ती धब्ब्याधब्ब्यांनी येते, पुसली तर खाली मण्याची साल काळपट डागाळलेली दिसते आणि पुढे मणी तडकतो. तर ताई तुमच्या मुलांना हे तिन्ही नीट सांगा, मेण, औषध आणि भुरी. आणि मेण असलं तरी द्राक्षं धुऊनच खायची, फवारणी सगळेच करतात.

आता उलटी बाजू. बेदाणा करायचा असला की हेच मेण आडवं येतं. मेण पाणी आत धरून ठेवतं, त्यामुळे नुसतं द्राक्ष रॅकवर टाकलं तर वाळायला फार दिवस लागतात आणि माल काळा पडतो. म्हणून तासगाव सांगलीकडे आणि आमच्याकडेही घड आधी द्रावणात बुडवतात, एका लिटर पाण्याला साधारण 25 ग्रॅम पोटॅशियम कार्बोनेट आणि 15 मिली डिपिंग ऑइल, ते ऑइल म्हणजे इथाइल ओलिएट. त्याने मेणाचा थर ढिला होतो, मग पाणी सालीतून पटापट निघतं आणि दोन आठवड्यांच्या आसपास सावलीत बेदाणा तयार होतो. बुडवायच्या आधी घड निळसर दिसतो, बाहेर काढला की झाक गेलेली असते, हिरवा चकचकीत. तुमचं ग्लॉकस त्या टाकीत राहतं म्हणा.

कांद्याला, कोबीला फवारताना पाण्यात स्टिकर, म्हणजे औषध चिकटून राहायचं द्रव, टाकतात ते पण याच्यासाठीच. नुसतं पाणी पातीवर थांबतच नाही, मोती होऊन खाली घरंगळतं, औषध सगळं जमिनीत. स्टिकर टाकला की थेंब पसरतो.

---

पानोपानी

शिवार दादा, बेदाण्याचं हे मला अजिबात माहीत नव्हतं, इतकी वर्षं खातेय. देठ सर, ग्लॅब्रस आणि ग्लॉकसची यादी करून सगळ्या वर्णनांत परत तपासायला घेतेय, आमच्या मसुद्यात दोन ठिकाणी "गुळगुळीत" आणि "निळसर" यांची सरमिसळ दिसतेय.

पण मग सीगल आणि डोळे?

---

रातकिडा_७

पक्ष्यांचं मी सांगतो. पक्ष्यांच्या इंग्रजी नावात ग्लॉकस आलं की तो फक्त रंग, थर वगैरे काही नाही. फिकट निळसर राखाडी. ग्लॉकस गल म्हणजे लॅरस हायपरबोरियस, आर्क्टिकमधला मोठा सीगल, पाठ आणि पंख एकदम फिके राखाडी आणि पंखांच्या टोकांना इतर बऱ्याच सीगलांना असतो तसा काळा भाग नसतो, त्यामुळे उडताना सगळाच फिका दिसतो. उत्तर पॅसिफिकच्या किनाऱ्यांवर आणखी एक आहे ग्लॉकस विंग्ड गल, त्याचे पंख तसे. आणि ग्लॉकस मकाव, दक्षिण अमेरिकेतला पोपट, निळसर हिरवट राखाडी, तो बहुधा संपलाच, कित्येक दशकं कोणाला खात्रीने दिसलेला नाही. तो ज्या ताडाच्या फळांवर जगायचा ती झाडं गुरांच्या कुरणांसाठी गेली. हे लिहिताना वाईट वाटतं, पक्ष्याच्या नावातला रंग आता म्युझियममधल्या कातड्यांवरच बघायचा.

म्हणजे एकाच विशेषणाने पक्षीवाले रंग सांगतात आणि झाडवाले थर सांगतात. पक्ष्यांच्या पुस्तकाचं भाषांतर करणार असाल तर "निळसर राखाडी" पुरे.

आता मला जी गोष्ट जास्त आवडते ती. मूळ शब्द ग्रीक ग्लाउकोस. सगळ्यात जुन्या ग्रीक कवितेत तो रंगापेक्षा चमकेसाठी जास्त वाटतो, समुद्र ग्लाउकोस, डोळे ग्लाउकोस, नंतर नंतर तो निळसर हिरवा, राखाडी अशा रंगांवर स्थिरावला, ऑलिव्हच्या पानांना पण लावलाय. होमरमध्ये अथेना देवीचं ठरलेलं विशेषण आहे ग्लाउकोपिस. त्याचा अर्थ तेजस्वी डोळ्यांची, की राखाडी डोळ्यांची, की घुबडाच्या डोळ्यांची यावर अभ्यासकांचे वाद अजून चालू आहेत, कारण ग्रीकमध्ये घुबडाला ग्लाउक्स म्हणतात आणि अथेनाचा पक्षी घुबडच.

आणि इथे आपला खानदेश येतो. छोट्या घुबडांच्या एका जीनसचं, म्हणजे जवळच्या जातींच्या गटाचं, नाव ग्लॉसिडियम आहे, ते त्या ग्लाउक्सवरून, आणि आपल्याकडचं जंगल आउलेट त्यातलंच. रानपिंगळा म्हणजे फॉरेस्ट आउलेट, त्याचं आधीचं शास्त्रीय नाव हेटेरोग्लॉक्स ब्लेविटी, आता त्याला अथेने जीनसमध्ये टाकलाय, म्हणजे घुबडाच्या नावातून देवीच्या नावात गेला. हा पक्षी 1884 नंतर कोणाला मिळालाच नव्हता, नामशेष धरला होता, आणि 1997 मध्ये शहाद्याजवळच्या जंगलात परत सापडला. त्याचा रंग मात्र ग्लॉकस नाही हं, तपकिरी राखाडी आहे. नावातलं ग्लॉक्स घुबडाचं, रंगाचं नाही. असे सारखे दिसणारे भाग बघून अर्थ लावायला जाऊ नका एवढंच.

---

नेत्रपल्लवी

ग्लॉकोमाचं उत्तर मी देते, माझा रोजचा विषय आहे.

हो, संबंध आहे, मूळ तेच. जुन्या ग्रीक वैद्यांनी म्हातारपणी डोळ्याच्या बाहुलीवर निळसर हिरवट राखाडी झाक येऊन नजर जाते त्याला त्या रंगावरून नाव दिलं. त्यांना आजच्यासारखं वेगवेगळं करता येत नव्हतं, त्यात आजचा मोतीबिंदू पण होता आणि आजचा काचबिंदू पण असणार. मोतीबिंदू म्हणजे डोळ्यातलं भिंग गढूळ होणं हे अठराव्या शतकाच्या सुरुवातीला युरोपात नीट सिद्ध झालं, त्यानंतर दोन्ही हळूहळू वेगळे झाले आणि ग्लॉकोमा हे नाव दुसऱ्याला चिकटलं. म्हणजे गंमत बघा, आज ज्याला ग्लॉकोमा म्हणतो त्यात बहुतेक पेशंटच्या डोळ्यात कसलीच झाक दिसत नाही, डोळा बाहेरून अगदी स्वच्छ असतो. काचबिंदूचा अचानक जोराचा झटका आला, डोळ्यातला दाब एकदम चढला, तर पारदर्शक पटलाला सूज येऊन डोळा धुरकट दिसू शकतो, पण तो वेगळा प्रकार आणि ती इमर्जन्सी असते, डोळा लाल, प्रचंड दुखणं, उलट्या, दिव्याभोवती रंगीत वलयं. ताबडतोब दवाखाना.

नेहमीच्या काचबिंदूत डोळ्याकडून मेंदूकडे जाणारी नस हळूहळू खराब होते, बऱ्याचदा डोळ्यातल्या वाढलेल्या दाबामुळे. साधारण 10 ते 21 मिलिमीटर पाऱ्याइतका दाब नॉर्मल धरतात पण दाब नॉर्मल असूनही काही जणांना काचबिंदू होतो. आधी कडेची नजर जाते, समोरचं नीट दिसत राहतं म्हणून माणसाला पत्ता लागत नाही. गेलेली नजर परत येत नाही, मोतीबिंदूसारखं ऑपरेशन करून परत दिसायला लागलं असं इथे होत नाही. म्हणून चाळिशीनंतर, आणि घरात कोणाला असेल तर त्याच्याही आधीपासून, डोळ्यांचा दाब आणि नस तपासून घ्या. विषय विशेषणाचा आहे, पण हे सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही.

तुमच्या गोष्टीतल्या म्हाताऱ्याच्या डोळ्यांना लेखकाने ग्लॉकस म्हटलंय ते आजाराचं निदान नसावं, बहुतेक फिके निळसर करडे डोळे एवढंच सांगायचं असेल. साहित्यात डोळे, समुद्र, संध्याकाळचा उजेड याला हे विशेषण येतं आणि तिथे सहसा थोडा थंडपणा, फिकेपणा सुचवायचा असतो. आपण घारे म्हणतो ते नाही, घारे डोळे पिवळसर तपकिरीकडे जातात. मी "राखी निळे डोळे" लिहीन.

---

परदेशी_पाहुणी

मी न्यू जर्सीत असते, इथे दारादारात निळा स्प्रूस लावलेला असतो, कोलोरॅडो ब्लू स्प्रूस, नर्सरीत त्याच्या पाटीवर ग्लॉका असं लिहिलेलं असायचं आणि मला ते ब्रँडचं नाव वाटायचं. आता धागा वाचून बाहेर जाऊन नव्या फांदीच्या सुया दोन बोटांत चोळल्या आणि खरंच झाक निघून खाली साधा हिरवा रंग निघाला!

ब्लूबेरीचं पण हेच. ब्लूबेरीच्या सालीत निळा रंगच नाहीये, सालीतलं रंगद्रव्य गडद लालसर जांभळं आहे, चुरडली की हात जांभळे होतात निळे नाही. निळेपणा वरच्या मेणाच्या थराचा. 2024 मध्ये ब्रिस्टल विद्यापीठातल्या संशोधकांनी सायन्स अॅडव्हान्सेसमध्ये हे छापलंय, मेण काढून ते परत कार्डवर जमू दिलं तर ते तिथे पण निळं दिसलं. म्हणजे देठ सर म्हणतात ते प्रकाश विखुरण्याचं प्रकरण अगदी पुराव्यासकट.

एक प्रश्न माझाही, ग्लॉसी आणि ग्लॉकस यांचा काही संबंध? ऐकायला तर जवळचे वाटतात.

---

देठ_आणि_पान

संबंध तर नाहीच, उलट आहेत. ग्लॉसी म्हणजे चकचकीत, ग्लॉकस म्हणजे चकाकी गेलेलं, आरशावर वाफ धरल्यावर जसं होतं तसं. कोबी, कांदा, गहू यांच्या जाती तयार करणारे लोक तर हे दोन शब्द समोरासमोर वापरतात, ही लाइन ग्लॉसी, ती लाइन ग्लॉकस, म्हणजे हिच्यावर मेण नाही किंवा कमी आणि तिच्यावर आहे.

आणि शब्दाच्या वापराबद्दल राहिलेलं लिहितो. झाक अगदी थोडी असेल तर ग्लॉसेसंट लिहितात, हल्की निळसर. थर जाड असेल, थंडीत दव गोठून पडतं तसा पांढरा, तर प्रुइनोज, तो शब्द लॅटिनमधल्या हिमकणांच्या शब्दावरून. पीठ भुरभुरल्यागत असेल तर फॅरिनोज. फ्लोरा लिहिणारे हे तिन्ही काटेकोर वापरतातच असं नाही, एक माणूस ज्याला ग्लॉकस म्हणेल त्याला दुसरा प्रुइनोज म्हणतो. कुक साहेबांचा मुंबई इलाख्याचा फ्लोरा, 1901 ते 1908 मध्ये आलेला, तुम्ही बहुतेक तोच वापरत असाल, त्यात वर्णनं फार तुटक असतात, एका शब्दात सगळं उरकतात. त्यामुळे शंका आली की पुस्तक बंद करायचं आणि झाडापाशी जायचं. वाळवलेल्या नमुन्यावर जाऊ नका, हर्बेरियमच्या कागदावर दाबून आणि हाताळून झाक बऱ्याचदा गेलेली असते.

उच्चार ग्लॉ-कस. ग्लाउकस नाही, ग्लुकस तर अजिबात नाही, ग्लुकोजशी काही देणंघेणं नाही.

---

कोरडवाहू

सोलापूरकडून लिहितोय. ज्वारी कोणी कशी नाही घेतली अजून? ताट उभं असताना कांड्यावर आणि पानाच्या खोळीवर जी पांढरी पावडर असते, हाताला लागते, कापणीच्या वेळी कपडे पांढरे होतात, तीच ही. ज्वारीवर हे मेण इतर पिकांच्या मानाने खूप जास्त असतं आणि दुष्काळात ज्वारी टिकते त्याच्या कारणांत हे एक धरतात. संशोधनासाठी बिनमेणाची ज्वारी पण वेगळी काढलेली आहे, तिला ब्लूमलेस म्हणतात, ती पाणी लवकर गमावते.

कोहळा पण घ्या. कोवळा असताना अंगावर बारीक लव असते, टोचते, पिकत आला की लव झडते आणि पांढरं मेण चढतं. इंग्रजीत त्याला वॅक्स गोर्ड असंही म्हणतात. त्या मेणामुळेच कोहळा दारावर टांगला तरी महिनोनमहिने सडत नाही. म्हणजे एकच फळ आधी केसाळ आणि मग ग्लॉकस, सरांच्या दोन्ही शब्दांचा धडा एका वेलीवर.

ताई, शब्दाचं म्हणाल तर आमच्याकडे मुलांना "पांढरी पावडर धरलेलं" म्हटलं तरी कळतं.

---

पानोपानी

कोरडवाहू दादा, कोहळा एकदम पक्का केला, शाळेत नेता येण्यासारखा आहे. मंडळी, आम्ही असं ठरवतोय, झाडाच्या वर्णनात "पुसली जाणारी निळसर पांढरी झाक", थर जाड असेल तिथे "पांढरी पावडर धरलेलं", पक्षी असेल तर "निळसर राखाडी", आणि ज्या झाडाच्या नावातच ग्लॉका ग्लॉकम आहे तिथे नाव तसंच ठेवून खाली एक ओळ. ग्लॅब्रसला सगळीकडे "बिनलवेचं", गुळगुळीत हा शब्द काढून टाकला.

शेवटचं एक विचारते, अंगठ्याने पुसलेली झाक परत येते का? शिवार दादा म्हणाले द्राक्षावर येत नाही. मुलं पहिल्यांदा हेच विचारणार, आणि चाळीस मुलांनी एकाच झाडाला अंगठे लावले तर झाडाचं नुकसान व्हायला नको.

---

एरंडाचं_गुऱ्हाळ

मी एरंडावर काम केलंय म्हणून उत्तर देतो. झाडागणिक वेगळं आहे. काही झाडं पुसलेलं मेण परत घालतात, काही फक्त पान वाढत असताना घालतात, पूर्ण वाढलेल्या पानावर पुसलं की संपलं, आणि काही अजिबातच नाही. कोवळ्या पानावर करून बघितलं तर परत येण्याची शक्यता जास्त. त्यामुळे मुलांना एका पानावर एक छोटा पट्टा ओढायला लावा, दोऱ्याने खूण करा आणि पुढच्या आठवड्यात परत बघा, वेगवेगळ्या झाडांवर केलं तर त्यांचं त्यांनाच कळेल कुठलं झाड कसं. एका पानाला एक अंगठा एवढा नियम ठेवला की झाडाला काही होत नाही.

कमळाच्या पानाला मात्र सांभाळून. त्याच्यावर पाणी थांबत नाही ते याच मेणाच्या बारीक स्फटिकांमुळे आणि खालच्या सूक्ष्म उंचवट्यांमुळे, 1997 मध्ये जर्मनीतल्या बार्थलॉट आणि नाइनहुइस यांनी ते मांडलं, थेंब घरंगळताना धूळ घेऊन जातो. पुसलेल्या जागी पाणी चिकटायला लागतं आणि चिखल बसतो.

एरंड मात्र बिनधास्त वापरा, कुठेही उगवतो, फक्त बिया मुलांच्या हाताला लागू देऊ नका, विषारी असतात. एरंडाच्या जाती ओळखताना ही झाक हे मुख्य लक्षण धरतात. कुठेच नाही तर नो ब्लूम, फक्त खोडावर असेल तर सिंगल, खोड आणि पानाची खालची बाजू असेल तर डबल, आणि पानाच्या दोन्ही बाजूंना आणि खोडावर असेल तर ट्रिपल. ट्रिपलवर तुडतुडे कमी येतात. तुमच्या फ्लोरात "ग्लॉकस बिनीथ" येतं ना, ते समजवायला डबल ब्लूमचं एरंडाचं पान घ्या, वरून हिरवं, उलटं केलं की निळसर पांढरं, दोन्ही बाजू एकाच पानावर दाखवता येतात. गावाबाहेर पडीक जागेत चार पाच झाडं बघितलीत तर वेगवेगळे प्रकार मिळतील, लालसर खोडाचं असेल तर अंगठ्याचा पट्टा आणखी स्पष्ट उठतो.